त्राटिकेची आतली बाजू

१० फेब्रुवारी, मंगळवार. जव्हार.

ठाण्याच्या स्टुडिओचा गेम तपासायला आला. चालू झाला नाही. काळी खिडकी उघडते आणि लगेच मिटते. म्हणजे नेहमीसारखंच.

कारण चहा संपायच्या आत सापडलं. गेम बांधताना तपासणीचा खटका चालूच ठेवलाय या शहाण्यांनी. तो चालू असला की गेम विंडोजकडे d3d11_3SDKLayers.dll ही फाइल मागतो. ग्राफिक्समधल्या चुका पकडणारी फाइल. गेम बनवणाऱ्यांच्या मशीनवर असते, खेळणाऱ्यांच्या नसते. म्हणून तर मी मुद्दाम दुकानातल्या साध्या मशीनवर आधी चालवून बघतो. ‘आमच्याकडे चालतंय’ म्हणे. चालणारच. आपल्या टेबलापलीकडचं मशीन यांनी कधी पाहिलंय?

प्रतीकला कळवलं. प्रतीक तिथला लीड. (यापुढे नुसतं प्र. पूर्ण नाव लिहावं असं काही त्याने अजून केलेलं नाही.) उत्तर आलं, "ब्रो, नेटवरून डीएलएल डाउनलोड कर ना, आणि टाक सिस्टिम थर्टी-टूमध्ये."

लीड आहे हा. लीड!

११ फेब्रुवारी, बुधवार

देवाची करणी बघा. आज दुकानात एक गुरुजी लॅपटॉप घेऊन आले. ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असं आलं म्हणून नेटवरून ती उतरवली, आता दर मिनिटाला जुगाराची जाहिरात येते. शाळेत प्रोजेक्टरवर पण आली. पोरांनी टाळ्या वाजवल्या.

गुरुजी म्हणाले, "पण डीएलएल म्हणजे नक्की असतं तरी काय?" म्हटलं, गावकीची भांडी. प्रत्येक घराने लग्नापुरतं मोठं पातेलं घ्यायचं नसतं, गावकीचं एक असतं, ज्याला लागेल त्याने न्यायचं. तशी ही फाइल. दहा प्रोग्रॅम एकच वापरतात. तुम्ही ते पातेलं भंगारवाल्याकडून आणलंत, कोणी त्यात काय शिजवलं होतं याचा पत्ता नाही.

त्यांना पटलं. प्र.ला पटणार नाही. त्याला गावकी माहीत नाही आणि भांडीही.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

सकाळी लाइट नव्हती. दुपारी फोनवर प्र.ची शिकवणी घेतली. आधी विंडोजच्या ऐच्छिक सोयींतून ग्राफिक्स टूल्स कशी चढवायची ते. मग तपासणीचं सॉफ्टवेअर. याने ते आजवर उघडलेलंच नाही! चार वर्षं गेम बनवतोय. चुका कशा शोधता विचारलं तर म्हणाला, "बघून."

शेवटी शाळेतल्यासारखं लिहून दिलं. त्या तपासणीच्या सॉफ्टवेअरची डीएलएल गेमच्या फोल्डरात ठेव. नाव तेच, जे विंडोजच्या खऱ्या फाइलचं. विंडोज आधी गेमच्या फोल्डरात बघतं, मग स्वतःकडे, त्यामुळे ही आधी सापडते. ती गेम आणि ग्राफिक्स कार्ड यांच्या मध्ये बसते. गेम जे जे काढायला सांगेल ते टिपते आणि पुढे खऱ्या फाइलकडे देते. एफ-बारा दाबलं की त्या क्षणाचं सगळं चित्र तुकड्यातुकड्याने डिस्कवर येतं. जे पडद्यावर दिसत नाही तेसुद्धा.

"ओ माय गॉड," प्र. म्हणाला. "सगळंच दिसतं की यात!"

हो रे बाबा. त्यासाठीच असतं ते.

१६ फेब्रुवारी, सोमवार

नवा गेम आला, चालला. हिरोच्या एका हातात मशाल, दुसऱ्या हातात मशीनगन. जंगल ‘सह्याद्री’चं, त्यात नारळाची झाडं. शेवटी एक चेटकीण येते, विच क्वीन. ती आली की गेम रुततो. चिखलात अडकलेली जीप बरी.

एफ-बारा दाबलं. फ्रेम उघडली. कोण एवढं जड आहे ते बघत गेलो. झाडं नाहीत, हिरो नाही. चेटकिणीचा मुखवटा. गेममधली प्रत्येक वस्तू बारीक त्रिकोणांची बनलेली असते. अख्ख्या जंगलापेक्षा त्या एका मुखवट्याचे त्रिकोण जास्त.

वेगळा काढून फिरवला. वरून जांभळा रंग, डोळ्यांत हिरवा दिवा लावलाय. पण नाक बसकं. डावा सुळा टोकाला उडालेला. कानापाशी लाकडाची गाठ.

हात थांबला माझा. ही आमची त्राटिका आहे.

मग उलटा केला. आत रंगवायची तसदी कोणी घेतलेली नाही. आतलं जसंच्या तसं. तासणीचे घाव. कपाळाला चिकटवलेला जुन्या लुगड्याचा तुकडा, घामाने काळा पडलेला. आणि दातांत धरायची आडवी पट्टी, तिच्यावर दातांचे वळ. एकाच माणसाचे नाहीत.

बोहाड्यात, म्हणजे गावच्या मुखवट्यांच्या नाचात, त्राटिकेचं सोंग आमच्या घरचं. तिची आतली बाजू दोघंच बघतात. जो नाचतो तो, आणि जो त्याला बांधतो तो. काका आणि किसनदादा. मी बत्तीस वर्षांचा झालो, मी कधी पाहिली नव्हती. आज पाहिली. दुकानात, खुर्चीत बसून, माउसने फिरवून.

पुन्हा पुन्हा पाहिली. खोटं कशाला लिहू.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

किसनदादाला फोन. (कि.दा. माझा चुलतभाऊ, काकाचा मुलगा. पाड्यावरच असतो, खोडाळ्याजवळ.) आधी "मना काय ठावं" केलं. मग बोलला.

दिवाळीनंतर काका खळ्यावर असताना जीप आली. तिघं जण. शिरपामाळ बघून आलेले, गळ्यात कॅमेरे, ‘आम्ही लोककलेचं डॉक्युमेंटेशन करतो.’ बोहाड्याचे मुखवटे बघायचेत म्हणाले. बूट घालून थेट घरात. आता आमच्यात त्राटिकेपुढे कोणी पायांत काही घालून आला तर तिचं तोंड पालथं करतात. तिने ते बघायचं नाही.

"मग त्यांना बूट काढा म्हणायचंस ना!"

"शहरची मान्सा. पावनी. वाईट वाटला असता त्यांना."

म्हणून याने काय केलं, तर पाहुण्यांचा मान राखला आणि त्राटिकेचाही राखला. तिला अलगद पालथी केली. म्हणजे आतली बाजू वर! आणि त्या तिघांनी, "वाव, पर्फेक्ट" म्हणत, चहूबाजूंनी फोन फिरवला. (असे फोटो जुळवून वस्तूचं हुबेहूब मॉडेल बनवता येतं, गेममध्ये टाकण्याजोगं.) नंतर याने ती सुलटी केली (तोवर ते बूट काढून ओट्यावर टेकले होते) तेव्हा पुढूनही फिरवला. निघताना पेढ्यांचा पुडा दिला.

अशी चूक जगात फक्त आमच्याच घरी होऊ शकते. दुसऱ्या कोणी बूट तरी काढायला लावले असते, नाहीतर मुखवटा तरी दाखवला नसता.

"काकाला सांगितलंस?"

"नाय. तू पन नको सांगू. म्हातारा मरंल."

१८ फेब्रुवारी, बुधवार

म्हातारा मरणार नाही. पण नाचणार नाही, हे नक्की.

रावणाच्या घरचं, म्हणजे रावणाचं सोंग ज्यांच्याकडे त्यांचं, आम्हाला लहानपणापासून ऐकवलेलं आहे. नाचता नाचता त्यांचा मुखवटा निसटला, उताणा पडला, साऱ्या गावाने आत पाहिलं. दुसऱ्या दिवशी तो नदीला दिला. नवा कोरून, पूजा होऊन तयार होईपर्यंत त्या घराचं सोंग नाचलं नाही. आणि नवा तयार झाला तेव्हा त्यांचा नाचणारा म्हातारा उरला नव्हता.

काकाचे गुडघे गेलेत. यंदा तरी शेवटचं नाचतो, असं गेल्या दसऱ्यापासून चाललंय त्याचं. काकू गेल्यापासून तो दुसऱ्या कशाबद्दल धड बोलतही नाही.

मी हे सगळं मानतो का? नाही. लाकूड आहे ते, पांगाऱ्याचं. मग कालपासून जेवण का जात नाही मला? जाऊ दे.

उपाय सापडलाय. बग रिपोर्ट लिहिला: ‘मुखवट्याच्या आतले त्रिकोण खेळणाऱ्याला कधीच दिसत नाहीत, कार्डावर फुकट भार. आतली बाजू काढून टाकावी. गेम सुरळीत चालेल.’ यात एक शब्द खोटा नाही. चित्र जोडलेलं नाही, मुद्दाम. ते पुसून टाकतील, नवा गेम बांधतील, विषय संपला. या मूर्खांना आपण कोणाच्या घरचं काय पुसलं हेही कळणार नाही.

फार दिवसांनी स्वतःवर खूश आहे.

२० फेब्रुवारी, शुक्रवार

प्र.चा व्हॉइस मेसेज. तसाच उतरवतो:

"ब्रो, सुपर कॅच! तू शिकवलंस तसं डीएलएल टाकून मीच ओपन केलं. आतून काय सिक आहे यार ते! दातांचे मार्क्स पण आहेत! मॅडमना दाखवलं, त्या वेड्या झाल्या. आता एंडिंग चेंज. विच मेल्यावर प्लेअर तो मास्क स्वतः घालतो, कॅमेरा आत जातो, आतून बाहेरचं जंगल. क्लोजअप. तुझ्यामुळे झालं हे."

तुझ्यामुळे झालं हे.

चार वर्षं ज्याने ‘बघून’ काम केलं त्याला बघायला मी शिकवलं. आणि त्याने पहिली गोष्ट काय बघितली, तर ही.

दुकान लवकर बंद केलं. दाभोश्याचा धबधबा कुठे म्हणून विचारायला एक गाडी थांबली होती. फेब्रुवारीत! उलट्या दिशेला पाठवली.

२४ फेब्रुवारी, मंगळवार

मॅडमशी बोललो. स्टुडिओ त्यांचा. आवाज मधाळ, ऐकता ऐकता मुंग्या येतील असा.

सरळ सांगितलं: हा मुखवटा माझ्या घरचा आहे. वरून काय रंगवायचं ते रंगवा, आतलं काढा.

"अय्या, तुमच्या घरचा? मग तर ब्यूटिफुल! काकांचा एक छोटा व्हिडिओ करू या ना. मेकिंगमध्ये टाकू."

म्हटलं, आतली बाजू परक्याने बघायची नसते.

"हो ना, तेच तर! तेच आपण प्लेअरला देतोय. द फॉरबिडन. यू गेट इट, तुम्हीच बरोबर समजलात."

म्हटलं, मॅडम, मी नको म्हणतोय.

मग मध संपला. ते मॉडेल त्यांनी एका साइटवरून रीतसर घेतलंय, टाकणाऱ्यांनी हक्क दिलेत, ‘आमची बाजू क्लिअर आहे.’ आणि संस्कृती सगळ्यांची असते. ‘जव्हारच्या लोककलावंतांचे आभार’ अशी ओळ शेवटी येईल.

सगळ्यांची असते म्हणे. यांच्या ऑफिसात साधा जेवणाचा डबा दुसऱ्याने उघडला तर ग्रुपवर दोन दिवस भांडण चालतं, मी स्वतः वाचलंय.

२ मार्च, सोमवार. पाड्यावर.

होळीला आलो. बोहाड्याची थाप पडली. थाप पडली म्हणजे ठरलं, सोंगं निघणार, ज्याच्या त्याच्या घरी तयारी सुरू.

काका ओट्यावर. मला बघून हसला, पुढचे दोन दात नाहीत आता. म्हणजे यंदा पट्टी धरायची ती दाढांनीच.

"सुध्या, यंदा तू बांधजोस मना."

"मी? दादा बांधतो की."

"किसन्या नाय म्हनतो. हात दुखतो म्हनं. हातबीत काय दुखत नाय त्याचा, लाकडा फोडतो ना सकाळपासून." मग खाली बघत, "काय बिनसला त्याचा, ठावं नाय. तू बांध. तुला पन कदी तरी बघायचीच आहा ती."

कि.दा. मागच्या दारी भेटला. माझ्यासमोर उभा राहून रडला. चाळिशीचा गडी, मिशी आहे. "मी तिला हात कसा लावू आथा?" मला त्याला बखोटीला धरून हलवावंसं वाटत होतं. त्याऐवजी विडी दिली.

बांधतो म्हणून सांगितलं काकाला. दुसरं काय सांगणार होतो?

५ मार्च, गुरुवार. जव्हार.

मॅडमचा मेल. मला ‘कल्चरल कन्सल्टंट’ करतायत. गेममध्ये नाव येणार, फक्त मुखवटा ‘घालण्याचा विधी’ सांगायचा. कोण बांधतं, काय म्हणतं, कसं चावून धरतं.

उत्तर लिहिलं, चार वेळा खोडलं. शेवटी एकच ओळ पाठवली: आतली बाजू काढा, नाहीतर मी तुमचं काम करणार नाही.

मला वाटलं, हादरतील. यांच्या पाच गेमांतले दोष मी काढलेत. माझ्याशिवाय यांचा एक गेम साध्या मशीनवर उघडत नाही.

संध्याकाळच्या आत प्र.चं उत्तर. "ओके ब्रो, नो प्रॉब्लेम. जाताना तुझ्याकडच्या कॅप्चर फाइल्स अपलोड कर फक्त."

पासवर्ड चालेनासा झाला, दोन-चार मिनिटांत. एवढं चपळ काम त्या ऑफिसात प्रथमच झालं असेल.

एफ-बारा दाबून उतरलेली ती कॅप्चर फाइल दिली नाही. पुसली. पुसून काय होणार होतं? मूळ त्यांच्याकडेच आहे. तरी पुसली, कचराकुंडीतूनही.

९ मार्च, सोमवार

जिथून मॉडेल घेतलं त्या साइटला लिहिलं. ते कोण तिघं होते, त्यांनाही. पहिल्यांदा लिहिताना रागाने लिहिलं, मग सभ्य केलं, सभ्य केल्यावर त्यात काही अर्थच उरला नाही. साइटकडून यंत्राचं उत्तर: तुम्ही मूळ कलाकार असल्याचा पुरावा जोडा.

पुरावा. पट्टीवर आहे ना आजोबांच्या दातांचा. तोच विकताय तुम्ही.

१२ मार्च, गुरुवार

गेमचा नमुना त्यांनी आज लोकांसाठी फुकट ठेवला. जाहिरातीत क्लोजअप आहे, आतून. खाली लोकांनी आगीची चिन्हं टाकलीत.

साध्या मशीनवर उतरवून घेतला. फोल्डर उघडलं आणि अक्षरशः कपाळावर हात मारला.

तपासणीची डीएलएल आत तशीच आहे.

मी शिकवलं तशी त्यांनी ती गेमच्या फोल्डरात ठेवली. काढायची असते हे मी शिकवलं नव्हतं. कोणी शिकवायला लागतं का हे? घर रंगवून झाल्यावर शिडी काढायची असते हे सांगावं लागतं का कोणाला? तर यांना लागतं. म्हणजे आता हा गेम उतरवणारा कोणीही एफ-बारा दाबेल आणि त्याच्या डिस्कवर सगळं येईल. जंगल, हिरो, नारळ. आणि त्राटिका, सुटी, उलटीसुलटी, हवी तशी फिरवायला. माझ्या मशीनवर झालं होतं तसंच.

प्र.ला फोन. उचलला नाही. परत. मग मेसेज: "ब्रो, तू आता टीममध्ये नाहीस ना, वेबसाइटवरून बग टाक." तिथे टाकला. ‘आपला अभिप्राय आम्हाला मोलाचा आहे.’

इतकी वर्षं या लोकांना शिव्या देण्यात गेली माझी. आज प्रथमच शिवी सुचली नाही.

१४ मार्च, शनिवार

काकाला सांगायचं की नाही.

सांगितलं तर तो नाचणार नाही. त्राटिका नदीला जाईल. नवा मुखवटा कोण कोरणार, कधी? कि.दा.ला तो घरात ठेवील, पण पुन्हा त्याच्याशी बोलणार नाही, मी ओळखतो त्याला.

नाही सांगितलं तर तो नाचेल, खूश होईल, त्याला कधीच कळणार नाही. पाड्यावर कोण गेम खेळतंय? कोणाकडे मशीन आहे? पाप कसलं त्यात? आणि मी कुठे मानतो?

दिवसभर हे असं. संध्याकाळी एक बाई मुलीचा दाखला छापायला आल्या, त्यांच्यावर उगाच खेकसलो. मग पैसे घेतले नाहीत. त्या घाबरून ठेवून गेल्या.

खरं सांगायचं तर मला भीती वाटतेय. काकाची नाही. बांधायच्या वेळी तो मला आत दाखवील, पहिल्यांदा, मोठ्या प्रेमाने. आणि मला पहिल्यांदा बघितल्यासारखा चेहरा करायला लागेल.

१७ मार्च, मंगळवार

कि.दा.चा फोन. "तू काय बोललास तं नाय ना?" नाही म्हटलं. "मंग बरा." थोड्या वेळाने पुन्हा फोन, तेच.

याने बुटांचा मान राखला म्हणून हे झालं आणि झोप माझी उडाली. तरी त्याच्यावर चिडता येत नाही धड. पाहुण्याला ‘बूट काढा’ म्हणवलं नाही एवढाच त्याचा गुन्हा. मॅडम आणि प्र. यांना मात्र कोणाचाच मान राखावा लागला नाही, आणि ते मजेत आहेत. आज गेमच्या पानावर त्यांच्या पार्टीचा फोटो आहे. केकवर जांभळी त्राटिका. सुळ्यावर मेणबत्ती.

उद्या-परवा दुकान बंद ठेवून पाड्यावर जातो.

२० मार्च, शुक्रवार. पाड्यावर.

बोहाडा उद्या. आज दुपारी त्राटिका उतरवली. तेल द्यायचं, नवी दोरी ओवायची, अंगावर एकदा बसवून बघायची.

काकाने सगळ्यांना बाहेर काढलं, दार लोटलं. कौलांतून येईल तेवढाच उजेड. मला समोर बसवलं. आंघोळ करून आलोय ना, विचारलं. मग ती पालथी केली आणि आतली बाजू माझ्यापुढे धरली.

"आथा बघ."

बघितली. चेहरा जमेल तसा केला.

त्याने बोट ठेवून दाखवलं. "हे माझ्या बाहासाचं, तुझ्या आज्याचं दात. हे माझं. हा लुगडा आजीचा." त्याचा आवाज मी असा कधी ऐकला नव्हता, लहान मुलाला झोपवताना असतो तसा. "भायेर ती. आत आपली मान्सा. म्हनून दाखवायची नसते कोनाला." मी मान डोलावत होतो.

मग दोरी हातात दिली. कानांपाशी दोन भोकं, ती दिसतात. "किती घट्ट बांधू? मागच्या वेळी वळ उठला होता म्हणालास," असं काहीतरी मी बोलत होतो, त्याच्या तोंडाकडे बघत. आणि बोलता बोलता माझ्या हाताने कपाळावरचं लुगडं उचललं, मागे बोट घातलं आणि तिसऱ्या भोकातून दोरी ओवली.

ते भोक दिसत नाही. मुखवटा धरून खालून वर पाहिलं तरच दिसतं, आणि त्या अंधारात तेही नाही. काका स्वतः पहिल्या वर्षी चाचपडत बसला होता, हे त्यानेच मागे सांगितलंय, भोक कुठे ते न सांगता. माझ्या बोटाला ते माहीत होतं. स्क्रीनवर मी तिला सगळीकडून फिरवलंय.

तेलाच्या वाटीत काकाचा हात थांबला.

"कोनी दाखवली तुला?"

बाहेर कि.दा.चा लाकडं फोडण्याचा आवाज बंद झाला. "मशीनवर आली ती," मी म्हटलं. महिनाभर ज्याला त्याला नावं ठेवायला किती शब्द होते माझ्याकडे. तेवढेच निघाले.

काका ओरडला नाही. हात धोतराला पुसले. दाराकडे बघितलं, जणू पलीकडे कोण उभं आहे ते त्याला दिसत होतं. मग विचारलं,

"किती जनांनी बघितली?"

मला आकडा माहीत होता. गेम किती जणांनी उतरवला ते पानावर येतं, सकाळी जीपमध्ये बसल्यावर बघितलं होतं. खोडाळ्याच्या बाजारात एवढी माणसं कधी जमली नसतील. मी तो आकडा सांगितला नाही. "लय," एवढंच म्हटलं.

त्याने मान हलवली. त्राटिका उचलून माझ्या मांडीवर ठेवली.

"तू शिकलेला. तू त्या बघनाऱ्यांला पन बघितला नं हिला पन. उद्या नाचायची का नाय ता तूच सांग. मी तू म्हनशील ता करीन."

आणि दार उघडून गेला.

तेव्हापासून इथेच बसून लिहितोय. ती मांडीवर आहे, जड आहे बरीच, वाटलं होतं त्याहून. आतली बाजू वरच आहे. दारात कि.दा. दोनदा येऊन गेला. उन्हं कलली. गावातून संबळाची तालीम ऐकू येते. काका ओट्यावर बसून गुडघ्यांना तेल चोळतोय.